जनरेटरचं निर्लेखन

हे मी लिहिणारच नव्हतो. दोनदा टाइप केलं आणि दोनदा डिलीट केलं. पहिल्यांदा माझा मित्र गोवाल म्हणाला, "भाऊ, लिहू नको, तुझीच इज्जत जाईल," म्हणून. दुसऱ्यांदा ईश्वरअण्णा म्हणाले, "लिख ना, पन मन्हं नाव सगळास्ना आधी घाल," म्हणून. पण आता गावोगाव भलतंच सांगतात. रनाळ्याच्या बाजारात एक जण माझ्यासमोरच सांगत होता, की आमच्या गावातल्या एका पोरानं जिवंत म्हाताऱ्याची गंधमुक्ती घातली आणि त्याला पोलिसांनी नेलं. मी तिथंच उभा होतो. वांगी घेत होतो. मला कोणी कुठंही नेलेलं नाही.

तेव्हा जे झालं ते मीच सांगतो. माफी मागायला लिहीत नाहीये. पुन्हा वेळ आली तर पुन्हा हेच करीन, फक्त बट्ट्या जास्त लावीन.

गावाचं नाव लिहीत नाही, कारण ग्रामसेवक भाऊसाहेबांची अजून बदली झालेली नाही. तालुक्याच्या कुठल्या ऑफिसात गेलो तेही लिहीत नाही, कारण मला तिथं अजून जायचं असतं. माझं नाव मात्र लिहितो. भाग्येश. स्टँडजवळ माझं दुकान आहे. ऑनलाइन फॉर्म, झेरॉक्स, लॅमिनेशन, लग्नाची पत्रिका, मयताचं कार्ड. टाइपिंग मला कोणी शिकवलं नाही, कीबोर्डकडं बघत बघत आलं. ऑफिसची मराठी पण तशीच आली. गिऱ्हाईक नसलं की मी शासन निर्णय वाचत बसतो. कोणाला क्रिकेटचा नाद असतो, मला हा आहे. अनुज्ञेय, व्यपगत, दप्तरी दाखल. एकेक शब्द असा की तोंडात घोळवावा. पण गावाला त्याचं काय. गावात मी "लॅमिनेशनवाला पोऱ्या".

ही सगळी भानगड जमनाकाकूच्या यंत्रामुळं सुरू झाली.

जमनाकाकू आमच्या गल्लीत राहते आणि महिला बचत गटाची अध्यक्ष आहे. गटाला योजनेतून मिरची कांडप यंत्र मंजूर झालं. आमच्या भागात मिरचीचं काय महत्त्व आहे ते सांगायला नको. हिवाळ्यात नंदुरबारच्या रस्त्यानं जाताना बाहेरचा माणूस ओळखू येतो, तो शिंकत असतो. यंत्राचा फॉर्म मीच भरला होता. यंत्र आलं. टेम्पोतून उतरलं. आणि जमनाकाकूच्या गोठ्यात ताडपत्रीखाली जाऊन बसलं, कारण ठेवायला जागा नव्हती. म्हैस बाहेर उन्हात.

योजनेची अट अशी, की यंत्र सार्वजनिक जागेत बसवायचं आणि चालू यंत्राचा फोटो मार्च संपायच्या आत वर टाकायचा. नाही टाकला तर यंत्र उचलून दुसऱ्या गावच्या गटाला. ते दुसरं गाव कोणतं हेसुद्धा आम्हाला माहीत होतं. तिथल्या गटाची अध्यक्ष जमनाकाकूची नणंद. म्हणजे प्रकरण किती गंभीर होतं ते बघा.

सार्वजनिक जागा होती. ग्रामपंचायतीच्या मागची खोली. चांगली पक्की, लाईट-बिईट. फक्त तिच्यात जनरेटर होता.

हा जनरेटर कधीकाळी पंचायतीला मिळालेला. म्हशीएवढा. लोडशेडिंगच्या जमान्यात गावातल्या प्रत्येक लग्नाला तो मांडवाच्या बाजूला उभा असायचा. निम्म्या गावाची लग्नं त्याच्या उजेडात लागली आणि त्याच्या आवाजात मंगलाष्टकं कोणाला ऐकूच आली नाहीत. मग तो बंद पडला. कधी पडला ते कोणाला आठवत नाही. मला कळायला लागल्यापासून त्याच्यात कोंबड्या अंडी घालतात.

आम्ही भाऊसाहेबांकडं गेलो. जमनाकाकू, गटातल्याच शोभाबाई आणि मी. भाऊसाहेब चांगला माणूस आहे, फक्त पेन उघडताना त्याचा हात जड होतो.

"खोली द्यायला माझी ना नाही," भाऊसाहेब म्हणाले. "पण जनरेटरला हात लावता येणार नाही. आधी निर्लेखन करावं लागेल."

जमनाकाकूनं माझ्याकडं बघितलं. शोभाबाईंनी माझ्याकडं बघितलं. आयुष्यात पहिल्यांदा गावाला माझी गरज पडली होती. मी घसा साफ केला.

"निर्लेखन म्हणजे," मी म्हणालो, "जी वस्तू मोडली आहे, दुरुस्त होण्यापलीकडं गेली आहे, तिची समितीनं पाहणी करायची आणि तिची नोंद जडवस्तू रजिस्टरमधून कमी करायची."

"म्हंजे उचली फेकनं," जमनाकाकू म्हणाली.

"तसंच," मी म्हणालो.

हे "तसंच" लक्षात ठेवा. मला ते पुढं फार महाग पडलं.

संध्याकाळपर्यंत शब्द गावभर झाला. आमच्या गावाला नवीन शब्द मिळाला की ते नव्या सायकलसारखं करतं, प्रत्येकाला एक चक्कर मारायची असते. ईश्वरअण्णा, हे आमचे शेजारी, एसटीत कंडक्टर होते, आता रिटायर. ते पाराशी बसून सांगत होते, "मन्हा डावा गुडघा आते निर्लेखित करना पडी." क्रिकेट खेळणारी पोरं बॅट्समनला आऊट न म्हणता निर्लेखित म्हणायला लागली. एका सासूनं सुनेच्या माहेरच्या फ्रिजला तो शब्द लावला आणि दोन दिवस त्या घरात स्वयंपाक वेगळा झाला. मी प्रत्येकाला थांबवून सांगत होतो, की बाबांनो, हा शब्द फक्त जडवस्तूंना वापरतात, माणसांना नाही. ईश्वरअण्णा म्हणाले, "मन्हा गुडघा जडच शे."

प्रस्ताव मी टाइप केला. इतका सुंदर प्रस्ताव त्या ऑफिसात कधी आला नसेल. "उपरोक्त विषयान्वये", "सविनय सादर", सगळं जिथल्या तिथं. तालुक्याला घेऊन गेलो. टेबलावरच्या बाईंनी पहिल्याच ओळीला बोट ठेवलं.

"तुमच्या रजिस्टरला हा जनरेटर चालू स्थितीत आहे."

"मॅडम, तो बंद आहे. त्याच्यात कोंबड्या आहेत."

"दरवर्षी पडताळणी होते. दरवर्षी चालू स्थितीत लिहिलंय. मागच्या मार्चला पण."

आता ही पडताळणी कशी होते ते सांगतो. मागच्या वर्षीचं पान समोर ठेवायचं आणि या वर्षीच्या पानावर उतरवायचं. त्यामुळं आमच्या पंचायतीत सगळ्या वस्तू चालू स्थितीत आहेत. एक पेट्रोमॅक्स आहे, चालू स्थितीत. एक सतरंजी आहे, चालू स्थितीत. ती सतरंजी मी जन्मात बघितलेली नाही.

बाई म्हणाल्या, चालू वस्तूचं निर्लेखन होत नाही. आधी ती बंद पडली पाहिजे. ती बंद आहे असा इंजिनियरचा दाखला आणा. इंजिनियरकडं गेलो. इंजिनियर साहेब म्हणाले, दुरुस्तीचा प्रयत्न झाला होता का? नाही? मग दुरुस्त होत नाही असं मी कशाच्या आधारावर लिहू? आधी दुरुस्त करून बघा.

म्हणजे जनरेटर मेलाय हे सिद्ध करायला आम्ही त्याला जगवायचा प्रयत्न करायचा होता. मी हे घरी येऊन सांगितलं तेव्हा ईश्वरअण्णा म्हणाले, "बराबर शे. दवाखानामा बी आसंच करतस."

इथं गोवाल येतो. गोवाल माझा दोस्त. तळोद्याकडच्या धरणग्रस्तांच्या वसाहतीत राहतो, तळोद्याहून वर सातपुड्यातल्या गावांना जीप चालवतो. आमची दोस्ती एका गोष्टीवरून झाली, की दोघांनाही कोणी काही शिकवलं नाही. मी शासन निर्णय वाचून शिकलो, तो व्हिडिओ बघून इंजिन उघडायला शिकला. त्याच्या जीपचं इंजिन तो स्वतःच खोलतो आणि स्वतःच लावतो, आणि दर वेळी एखादा नट शिल्लक राहतो, तो डॅशबोर्डवर ठेवतो. मला असाच माणूस पाहिजे होता. त्याला मी नीट समजावलं.

"गोवाल, तुला फक्त प्रयत्न करायचाय. दुरुस्त करायचं नाही."

"कळलं भाऊ."

"भाऊसाहेब बघायला येतील. तू खोलायचं, मान हलवायची, बंद करायचं."

"कळलं ना."

गोवालनं खोललं. आधी कोंबड्या काढल्या. मग काय काय काढलं. भाऊसाहेब दारात उभे होते, अर्धं गाव खिडकीत. गोवालनं कुठंतरी डिझेल ओतलं, कुठंतरी फुंकर मारली. मी त्याच्याकडं बघत मान हलवत होतो, म्हणजे त्याला आठवण राहावी. पण मग मी त्याचा चेहरा बघितला. त्याचा चेहरा प्रयत्न करणाऱ्या माणसाचा नव्हता. त्याला नाद लागला होता. त्यानं हँडल मारलं.

जनरेटर खोकला.

एकदाच. खोलीभर काळा धूर झाला, त्यातून एक राहिलेली कोंबडी बाहेर आली, आणि परत सगळं शांत. गोवाल धुरातून वळून माझ्याकडं बघत हसला. मग त्याला आठवलं.

भाऊसाहेबांनी मात्र पेन उघडलं होतं. त्या दिवशी त्यांचा हात अजिबात जड झाला नाही. त्यांनी शेरा लिहिला: "अंशतः चालू."

त्यानंतर गोवालनं पन्नास वेळा हँडल मारलं असेल, त्याचा खांदा सुजला, जनरेटर पुन्हा हुं का चूं करेना. तो त्या खोकल्यातच गेला होता. पण शेरा लिहून झाला होता. गावात माझी काय अवस्था झाली विचारू नका. जमनाकाकू फक्त म्हशीला पाणी पाजत राहिली, आणि ते जास्त लागलं. क्रिकेटच्या पोरांनी नवीन नियम काढला, बॉल बॅटला घासून गेला की अंशतः आऊट. दुकानात एक जण लॅमिनेशनला आला आणि म्हणाला, "भाग्येश, तुन्हं मशीन पुरं चालू शे ना?"

मी हट्टाला पेटलो. ऑफिसात परत गेलो. शेवटी इंजिनियर साहेब वैतागून म्हणाले, "ठीक आहे, समितीनं एकदा प्रत्यक्ष बघावं. आम्ही तिघांनी एकत्र पाहणी करून सही केली की झालं." तिघं म्हणजे विस्तार अधिकारी साहेब, हे इंजिनियर साहेब आणि आमचे भाऊसाहेब. एकत्र. एकाच वेळी. एकाच खोलीत.

हे वाचायला सोपं वाटतं. विस्तार अधिकारी मोकळे असले की इंजिनियर साहेब साइटवर. इंजिनियर साहेब मोकळे असले की विस्तार अधिकाऱ्यांचं प्रशिक्षण. दोघं मोकळे असले की भाऊसाहेबांच्या मेव्हण्याची हळद. एकदा दोघं अगदी आमच्या फाट्यापर्यंत आले आणि वरून फोन आला, व्हीसी आहे, स्क्रीनसमोर बसायचंय, परत फिरा. फाट्यावरून परत. मी दुकानातून त्यांच्या गाडीची धूळ बघितली. मार्च अर्धा सरला. जमनाकाकूच्या नणंदेनं फोन करून विचारलं, की यंत्राला कुठल्या रंगाची ताडपत्री आहे, तशी इकडं घेऊन ठेवते.

जमनाकाकू दुकानात आली. काउंटरला हात टेकून उभी राहिली.

"भाग्येश, माले एक सांग. तो मरेल शे का नही?"

"मेलाय काकू."

"गावले माहीत शे?"

"सगळ्या गावाला."

"मंग कागदले काबर नही माहीत?"

याचं उत्तर कुठल्याही शासन निर्णयात नाही. मी शोधलं. ती गेल्यावर मी दुकानात एकटाच बसलो होतो, समोर एका मयताचं कार्ड अर्धवट टाइप केलेलं. गंधमुक्तीचं. आणि ते कार्ड बघता बघता माझ्या डोक्यात आलं.

बाहेरच्यांसाठी सांगतो. आमच्या खान्देशात घरात कोणी गेलं की सुतकात कपाळाला गंध लावत नाहीत. मग ठरलेल्या दिवशी सगळे सोयरे-भाऊबंद येऊन बसतात, बाया रडतात, पाहुणे टोपी-टॉवेल देतात, पुन्हा गंध लावतात, जेवण होतं, आणि ते घर माणसात परत येतं. ही गंधमुक्ती. आमच्याकडं माणूस एक वेळ लग्न चुकवेल, पण गंधमुक्ती चुकवत नाही. लग्न चुकवलं तर रुसतात. गंधमुक्ती चुकवली तर पुढच्या तीन पिढ्या काढतात. बाकीचं काहीही असो, मीटिंग असो, प्रशिक्षण असो, "गंधमुक्तीला जायचंय" म्हटलं की कोणताही साहेब कोणालाही रजा देतो, कारण त्यालाही कुठंतरी जायचं असतं.

मी टाइप केलं.

"दुःखद. कळविण्यास अत्यंत दुःख होते की, आमच्या गावाचे जुने आधारस्तंभ, अनेकांच्या संसारात उजेड देणारे, सर्वांच्या लग्नकार्यात रात्रभर उभे राहणारे..." असं आठ-दहा ओळी. मग दिवस (येणारा रविवार), वेळ, ठिकाण. आणि खाली, स्पष्ट अक्षरात: "कै. जनरेटर संच, ग्रामपंचायत. शोकाकुल: समस्त ग्रामस्थ, महिला बचत गट, निर्लेखन समिती."

मी काही लपवलं नाही, हे परत परत सांगतो. कार्ड व्हॉट्सअ‍ॅपवर तालुक्याच्या साहेबांनाही पाठवलं, आणि नाव स्वच्छ लिहिलं होतं. आता व्हॉट्सअ‍ॅपवर लांब मजकूर गेला की वरच्या ओळी दिसतात आणि बाकीच्यासाठी "अधिक वाचा" दाबावं लागतं, याला मी काय करू? जे साहेब मला दर खेपेला म्हणतात "अर्ज पूर्ण वाचत जा", त्यांनी बोट लावायला पाहिजे होतं.

गावात मात्र खरं काय ते सगळ्यांना माहीत होतं, आणि गाव इतकं खूश मी दिवाळीलाही बघितलं नाही. ईश्वरअण्णांनी मांडवाची जबाबदारी घेतली. वरण-बट्टीचा बेत ठरला, गटातल्या प्रत्येक घरातून पीठ. अडचण आली ती शोभाबाईंची. शोभाबाई आमच्याकडच्या सगळ्या मयतांना पुढं बसून रडतात. त्यांच्यासारखं रडणं कोणाला जमत नाही, ऐकणाऱ्याला स्वतःचे मेलेले आठवतात. पण त्या म्हणाल्या, "मी आशी रडाव नही. तो मन्हा कोन लागस, ते सांगा. नातं नही ते रडू कशी?"

पारावर चर्चा झाली. कोणी म्हणालं काका, कोणी म्हणालं व्याही. मी म्हणालो, शासकीय मालमत्ता. मला गप्प बसवलं. शेवटी शोभाबाईंनाच आठवलं, की त्यांच्या थोरल्या मुलीच्या लग्नात ऐन हळदीला लाईट गेली होती, आणि रात्रभर हाच चालला होता. मग म्हणाल्या, "भाऊ लागस."

रविवार उजाडला. खोलीच्या दारात जनरेटरचा हार घातलेला फोटो, उदबत्ती. अंगणात सतरंज्या (रजिस्टरवरची नव्हे, भाड्याच्या). बाया डोक्यावर पदर घेऊन एका बाजूला, पुरुष एका बाजूला. भाऊसाहेब दाराशी बसलेले, कारण त्यांच्या ऑफिसचं दार ते, जाणार कुठं. चेहरा खराच सुतकी.

आणि गाडी आली.

विस्तार अधिकारी साहेब उतरले. पांढरा शर्ट, हातात पिशवीत टॉवेल आणि टोपी. त्यांच्या बहिणीच्या सासरची भाऊबंदकी आमच्या गावात आहे. त्यांना वाटलं, त्यांच्यातलं कोणी जुनं माणूस गेलं. सोबत इंजिनियर साहेब, एकाच गाडीत, कारण रविवारची बट्टी त्यांनाही सोडवली नाही. दोघं मान खाली घालून आले आणि भाऊसाहेबांशेजारी दाराशी बसले.

आता मयताच्या दारात जाऊन "कोण गेलं?" असं विचारता येत नाही. विचारलं तर आलात कशाला? त्यामुळं साहेब गंभीर चेहरा करून बसून राहिले. समोर शोभाबाईंनी सूर लावला.

"पोरना लगीनमा उजेड दिधा रे भाऊ... रातभर उभा ऱ्हायना रे भाऊ... आते आंधारामा कोनले हाक मारू रे..."

साहेबांचे डोळे ओले झाले. खोटं नाही सांगत, रुमाल काढला त्यांनी. मग रुमालावरून त्यांची नजर फोटोवर गेली. फोटोवरून दारात. दारातून आत. त्यांनी इंजिनियर साहेबांकडं बघितलं. इंजिनियर साहेबांनी हळूच मोबाईल काढला आणि पहिल्यांदा "अधिक वाचा" दाबलं.

साहेब उठायला लागले. पण गंध लागेपर्यंत कोणी उठत नाही. ईश्वरअण्णांनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवून बसवलं, दुसऱ्या हातानं पिशवीतला टॉवेल काढून दारातून आतल्या जनरेटरवर टाकला, टोपी त्याच्या सायलेन्सरवर ठेवली, आणि साहेबांच्या कपाळाला गंध लावलं. हे सगळं एका दमात. एसटीत गर्दीतून तिकिटं फाडलेला माणूस तो.

"ही शासनाची चेष्टा आहे," साहेब म्हणाले. "कोणी केलं हे?"

मी उभा राहिलो.

"मी केलं साहेब. यात चेष्टा कुठं आहे ते सांगा. तुम्ही टॉवेल-टोपी आणली. जिवंताला आपल्याकडं कोणी दुखवट्याचा टॉवेल आणत नाही. तुम्ही आणलात, त्याच्या अंगावर घातला, गंध लावून घेतलं. म्हणजे मयत तुम्ही मान्य केलं. समितीचे तिघं इथं बसलेत. पाहणी करा आणि सही करा."

"अंशतः चालू असा शेरा आहे त्याच्यावर," साहेब म्हणाले.

तेव्हा जमनाकाकू उठली. पदर डोक्यावर तसाच. ती आवाज चढवत नाही कधी.

"साहेब, मन्ही म्हैस महिना व्हयना उन्हामा बांधेल शे. मिरची सुकी गई. इतल्या बाया उखळमा कुटी कुटी हातनी आग करी ऱ्हायन्यात, आन यंत्र गोठामा पडेल शे. हाऊ जनरेटर जित्ता शे ना? मंग चालू करी दखाडा. आम्ही यंत्र आत्तेच मन्ही नणंदले दी टाकतस. नही व्हत चालू, ते लिखी द्या मरेल शे म्हनी. एक काहीतरी करा."

इंजिनियर साहेब उठले, शर्टाच्या बाह्या वर केल्या, आत गेले आणि हँडल मारलं. परत मारलं. टोपी खाली पडली, ती त्यांनी उचलून नीट परत ठेवली. मग बाहेर येऊन, कोणाकडं न बघता, म्हणाले, "कागद कुठंय?"

कागद माझ्या खिशात होता. "दुरुस्तीपलीकडे, निर्लेखनास पात्र." तीन सह्या, एकाच दुपारी, एकाच सतरंजीवर. साहेब जेवले पण. रागात जेवले, पण बट्टी दोनदा घेतली.

इथं गोष्ट संपायला हवी होती. मी जमनाकाकूला म्हणालो, "झालं. यंत्र आणा."

भाऊसाहेब हात धुवत होते. म्हणाले, "कुठं आणता? निर्लेखन म्हणजे नोंद कमी झाली. वस्तू नाही. लिलाव होईपर्यंत ती सुरक्षित ताब्यात ठेवावी लागते."

"कुठं?"

"इथंच."

जमनाकाकूनं माझ्याकडं बघितलं. "तू म्हने, उचली फेकनं. तू म्हने, तसंच."

अख्ख्या गावासमोर. ज्या शब्दावर मी महिनाभर छाती काढून फिरलो, त्याचा अर्धाच अर्थ मला माहीत होता. रजिस्टरमधून जातं ते निर्लेखन. खोलीतून जातं ते वेगळं, त्याला मराठीत शब्दच नाही, त्याला माणसं लागतात.

माझी फजिती झाली, ठीक आहे. पण मागं हटायचं नाही हे ठरलेलं होतं. "भाऊसाहेब, सुरक्षित ताब्यात म्हणजे कोणाच्या ताब्यात, हे कुठं लिहिलंय?"

त्यांनी विचार केला. "तसं लिहिलेलं नाही."

"मग माझ्या. आत्ता लिहून देतो."

आता तो उचलणार कोण? गावातले सगळे बट्टी खाऊन आडवे. शिवाय ज्याची गंधमुक्ती घातली त्याला परत खांदा द्यायला कोणी तयार होईना. ईश्वरअण्णांनी गुडघा दाखवला. मी गोवालला फोन केला. तो तळोद्याहून जीप घेऊन आला, सोबत वसाहतीतली पाच-सहा पोरं, बल्ल्या आणि दोर. पिकअपवाला चहावर तयार झाला. ओरडत, घसरत, एका दाराची चौकट थोडी निर्लेखित करत, जनरेटर संध्याकाळपर्यंत माझ्या दुकानात आला. आता दुकानात तो आणि मी. गिऱ्हाईक बाहेर उभं राहतं. फॉर्म भरायला त्याचाच टेबल होतो, सपाट आहे वरून.

यंत्र बसलं. पहिल्या दिवशी खोलीतून लाल धूर निघाला आणि सगळं गाव शिंकलं. जमनाकाकूनं फोटोसाठी नवीन लुगडं नेसलं होतं, आणि फोटोत नेमके तिचे डोळे मिटलेत, शिंक. तोच वर टाकला. मंजूर झाला. नणंदेनं ताडपत्री घेऊन ठेवली होती, ती आता तिच्या कांद्यावर आहे.

पण यश असं काही नुसतं येत नाही. विस्तार अधिकारी साहेबांच्या आढावा बैठकीत निर्लेखनाच्या रकान्यात पहिल्यांदाच आकडा भरला गेला, त्यांचं कौतुक झालं. त्यांनी मला बोलावलं. कपाळावरचं गंध ते विसरलेले नव्हते, पण म्हणाले, "तुझा नमुना चांगला आहे. जिल्हाभर मोहीम निघतेय. आता सगळीकडचे प्रस्ताव येतील, वरच्या तालुक्यांचे पण. टायपिंग तूच कर." मी हवेत तरंगत घरी आलो.

गोवालला सांगितलं. तो जनरेटरवर बसून चहा पीत होता. मजुरीचं त्याला त्या दिवसापासून विचारत होतो, तर ऐकत नव्हता. मोहिमेचं ऐकून त्यानं चहाचा ग्लास खाली ठेवला.

"वरचे पण म्हणजे नदीकाठचे पण?"

"असतील. का?"

"आमच्या जुन्या गावाचा हापसा येईल त्यात."

त्याचं जुनं गाव मणिबेलीच्या वरच्या अंगाला होतं. गोवालचं घर त्याच्या जन्माआधीच वसाहतीत आलेलं. गाव धरणाच्या पाण्यात आहे. वरून होडी जाते.

"हापसा कधीच पाण्याखाली गेला," तो म्हणाला. "पण कुठल्यातरी कागदावर अजून आहे म्हणतात. हातपंप, एक नग, चालू स्थितीत. माझी आई त्यावर पाणी भरायची. कधी कधी विचारते, आपल्या गावाचं काय राहिलं रे? मी सांगतो, हापसा आहे, सरकार म्हणतं चालू आहे. मग ती हसते." त्यानं ग्लास परत उचलला. "भाऊ, मजुरी नको मला. तो तेवढा काढू नको."

मी महिनाभर भांडलो होतो, की मेलेल्याला मेलेलं लिहा. आणि आता हा माझ्या दुकानात, माझ्या जनरेटरवर बसून उलटं मागत होता. नियमानं बघितलं तर पाण्याखालच्या हापशाचा प्रस्ताव पहिल्या दिवशी मंजूर होईल. मी नियम आठवून बघितले. मग अजून एक आठवला.

"गोवाल," मी म्हणालो, "तो प्रस्ताव माझ्या हातून टाइप होणार नाही, हा माझा शब्द. दुसऱ्या कोणी केला तर मी हरकत घेईन. प्रत्यक्ष पाहणीशिवाय निर्लेखन होत नाही. समितीच्या तिघांनी एकत्र जायचं, होडीतून उतरायचं, खाली जाऊन हापशाचा दांडा हलवून बघायचा, आणि मगच सही. आणि शेरा लिहायची वेळ आली तर तो मी लिहीन. चालू स्थितीत. पाणी भरपूर."